तिसगावची उष्टी हळद

सीमेवर गोळीबार सुरू झाला की आमच्याकडं पारापारावर सेनापती तयार होतात. ज्याला घरच्या बांधाचा वाद शेजाऱ्याशी बोलून मिटवता आला नाही, तो दोन देशांचा निकाल चहा संपायच्या आत लावतो. या मंडळींचा मला पूर्वीही वैताग होता. पण त्या उन्हाळ्यात भाच्याच्या हळदीच्या दिवशी जे झालं, त्यानंतर टीव्हीवर युद्धाच्या बातम्यांआधी वाजणारा तो भोंगा ऐकला तरी माझं डोकं उठतं.

भाचा म्हणजे माझ्या दोन धाकट्या भावांतल्या थोरल्याचा मुलगा, फौजेत आहे. माहेर तिसगावचं. मी मात्र नोकरीमुळं सुप्याला असते, तिथल्या शाळेत शिकवते. सुप्याच्या एमआयडीसीत कामाला आलेली अकोले तालुक्यातली एक मुलगी आमच्या मागच्या खोलीत भाड्यानं राहायची. पहिल्या पाळीला जाताना स्वतःचा डबा करायची आणि माझ्या स्वयंपाकघरात हालचाल दिसली नाही तर खिडकीतून मलाच दटावायची, "बाई, आज उपाशीच शाळेत जायचंय व्हय?" मला ती पोरगी फार आवडली. तिचं स्थळ मीच भावाला सुचवलं आणि मीच तिच्या आईवडिलांकडं शब्द टाकला. भाचा सुट्टीवर आला, दोघं माझ्या ओट्यावर बसून तासभर बोलली आणि जमलं.

भाऊ तेव्हाही कुरकुरला होता. तिसगाव जिल्ह्याच्या या टोकाला, तिचं गाव त्या टोकाला पार डोंगरात. आमचा जिल्हा एवढा ऐसपैस की लग्नाच्या बैठकीला जायचं तरी भाकरी बांधून निघावं लागतं.

आमच्यात हळद आधी नवऱ्या मुलाला लागते. त्याच्या अंगाला लावून उरलेली ती उष्टी हळद. मुलाकडच्या बायकांनी ती वाटीत घेऊन नवरीच्या गावी जायचं आणि मग ती नवरीला लावायची. एकदा लागली की पोरगी त्या घरची झाली, मग अक्षता दुसऱ्या दिवशी पडेनात का. पण हळद लागून लग्न राहिलं, तर लोक त्या पोरीला सुखानं जगू देत नाहीत. मुलाला कुणी काही म्हणत नाही. त्यानं आंघोळ केली की संपलं.

तर सकाळी भाच्याला हळद लागली. दहाच्या सुमाराला मी आणि माझी धाकटी वहिनी, म्हणजे मुलाची काकू, अशा दोघी भाड्याच्या जीपनं निघालो. हळदीची साडी, ओटीचं सामान, आणि वहिनीच्या मांडीवर झाकण लावलेली वाटी. ही वाटी वाटेत खाली टेकवायची नाही असा आमच्या घरचा नेम, म्हणून ती बिचारी पाणी प्यायलासुद्धा एकच हात वापरत होती. सीमेवर दोन दिवस धुमसत होतं. ड्रायव्हरनं मोबाईल समोर अडकवून बातम्या लावल्या होत्या. मी दोनदा सांगितलं, बंद कर. त्यानं दोनदा आवाज कमी केला आणि दोनदा वाढवला.

नगर मागं पडलं, राहुरी आली, तेवढ्यात भावाचा फोन आला.

"आक्का, पोराला बोलावणं आलंय. सुट्टी रद्द. संध्याकाळच्या गाडीनं नगरहून निघायचंय."

मी म्हणाले, "अरे, उद्या लग्न आहे."

"ते सायबाला सांगू का मी? तू आईक. तू माघारी फिरू नको. फुडं जा, हळद लावून घे, अन् मग त्यांना सांग."

"आधी नाही सांगायचं?"

"आधी सांगितलं तर तिचा बाप वाटी घेईल व्हय हातात? एकदा हळद लागली की त्यांचं तोंड बंद. लगीन काय, महिन्यानं लावू, दोन महिन्यानं लावू."

"म्हणजे पोरीला फसवायचं."

"फसवायचं कुठं? नंतर सांगायचंच हाय की!"

मी फोन ठेवला, तर लगेच मोठ्या वहिनीचा, मुलाच्या आईचा. ती रडत होती. "वन्सं, माघारी या. परक्याच्या पोरीला नका अडकवू. तिचे तळतळाट माझ्या लेकराला लागायचे." त्या नवराबायकोचं घर एक, चूल एक, आणि मला आज्ञा मात्र दोन. त्यानंतर फोन थांबलाच नाही. चुलतभावाचं म्हणणं, पुढं जा. त्याच्या बायकोचं म्हणणं, थांबा. सरपंचांनी तर माझा नंबर शोधून काढून फोन केला आणि ही देशसेवा आहे, मुलीकडच्यांना अभिमान वाटला पाहिजे, असं पाच मिनिटं ऐकवलं. त्यांचा स्वतःचा मुलगा पुण्यात मोबाईलचं दुकान चालवतो. भावानं मध्येच लग्न लावणाऱ्या गुरुजींनाही विचारलं होतं. ते म्हणाले, हळद नेणं शुभ नाही, पण निघालेली हळद माघारी आणणं त्याहून अशुभ. असा सल्ला द्यायला कशाला शिकावं लागतं!

संगमनेरच्या अलीकडं ड्रायव्हरनं चहाला गाडी थांबवली. हॉटेलात टीव्ही लावलेला. पडद्यावर चार माणसं एकमेकांच्या अंगावर ओरडत होती, मागं विमानांची चित्रं उडत होती, आणि खाली बाकड्यांवर आपली मंडळी भजी खात होती. एक पांढऱ्या टोपीचे आजोबा म्हणाले, "एकदाचा सोक्षमोक्ष लावून टाकायचा." हॉटेलवाला म्हणाला, "आता थांबायचं न्हाई. घुसायचंच." आमचा ड्रायव्हरही बशीतला चहा फुंकत म्हणाला, "लई दिवस सहन केलं राव आपण."

पण आता मला राहवेना. मी त्याला म्हणाले, "आपण म्हणजे कोण? तू जाणार आहेस का? ही बाई मांडीवर वाटी घेऊन सकाळपासून अवघडून बसली आहे, तिचा पुतण्या जाणार आहे. तू काय सहन केलंस? गाडीतला एसी बंद आहे, ते आम्ही सहन केलं."

सगळं हॉटेल माझ्याकडं बघायला लागलं. आजोबांनी टोपी सारखी केली आणि म्हणाले, "बाई, चिडू नका. सगळ्यांचीच पोरं हायेत ती." मग त्यांनी हॉटेलवाल्याला आवाज कमी करायला सांगितलं. मला आणखीच राग आला, कारण माणूस चांगला होता आणि माझ्या रागाला आता धड जागाही राहिली नव्हती.

गाडीत बसल्यावर वहिनी झाकण उघडून म्हणाली, "सुकत चाललीय." तिनं पर्समधली तेलाची छोटी बाटली काढून चार थेंब टाकले आणि बोटानं कालवलं. मग मला विचारलं, "तुमी काय ठरवलंय?"

खरं सांगायचं तर मी काहीच ठरवलं नव्हतं. भावाचा राग येत होता, पण त्याचं भय मला कळत होतं. आजकाल फौजेतल्या मुलाला मुलगी मिळताना किती नाटकं होतात ते मी पाहिलंय. आधी गावभर कौतुक, आणि मग हळूच 'त्यापेक्षा कंपनीतला बघा'. हे स्थळ मोडलं तर पुन्हा जमेल की नाही, हा बापाचा घोर खोटा नव्हता. पण त्या घोरापायी जी पोरगी माझ्या शब्दावर हो म्हणाली, तिला माहीत नसताना तिच्या तोंडाला हळद फासायची? संगमनेर ते अकोले मी एकही फोन उचलला नाही. पंधरा तरी वाजले असतील.

चारच्या सुमाराला गावात पोहोचलो. दारात मांडव, स्पीकरवर गाणी, चुलीवर भाताचे दोन मोठे टोप. हळद आली, हळद आली, म्हणून बायका ओवाळायला धावल्या. मुलगी अंगणात पाटावर पिवळी साडी नेसून बसली होती. मला बघून हसली. आता आणखी दोन मिनिटं गेली तर मी भावाचं ऐकेन, असं मला वाटलं. म्हणून ओवाळणं पुरं व्हायच्या आतच मी मोठ्यानं बोलले. मुलाची सुट्टी रद्द झाली, आज संध्याकाळी तो निघतोय, उद्या लग्न होणार नाही. आणि आधी हळद लावून मग सांगायचं असा निरोप मला होता, तेही सांगितलं. वहिनीनं माझ्याकडं असं पाहिलं की विचारू नका.

कुणीतरी स्पीकर बंद केला. मुलीचे वडील शांत माणूस, भातशेती करणारे. ते एवढंच म्हणाले, "वाटी माघारी न्या, बाई." तिची आई म्हणाली, "अवं, समदा गाव जेवायला बोलावलाय." तिचे मामा म्हणाले, हळद लावून घ्या, देशाचं काम हाय. तिची आत्या म्हणाली, खुळे झालात काय, पोरीचं पुढं काय? मग पुन्हा तेच सुरू झालं जे मी राहुरीपासून ऐकत होते, फक्त माणसं वेगळी. माझा जीव अगदी मेटाकुटीला आला.

मुलगी पाटावरून उठली नाही. तिनं मला विचारलं, "बाई, ते काय म्हणले?"

"कोण?"

"अवो, ते. ज्यांचं लगीन हाय ते."

लाजेनं मला धरणी ठाव देईना. चार तासांत अर्ध्या जिल्ह्याला विचारून झालं होतं. सरपंच झाले, गुरुजी झाले, हॉटेलातले आजोबासुद्धा बोलून गेले. मुलाला कुणी विचारलं नव्हतं. मीसुद्धा नाही.

तिनं मागं ठेवलेला मोबाईल घेतला आणि सगळ्यांसमोर त्याला फोन लावला. तो नगर स्टेशनला पोहोचला होता. मागं गोंगाट होता, त्याचा आवाज तुटक येत होता, पण तिनं स्पीकर लावला होता म्हणून आम्हाला ऐकू आलं.

"हळद लावू नको," तो म्हणाला. "मी येईपर्यंत तू मोकळी राहा. माझं काय सांगता येत नाही. कळतंय ना?"

"कळतंय."

"मग माघारी दे वाटी. आत्या तिथंच आहेत ना? त्यांच्याकडं दे."

"बरं," ती म्हणाली. "जपून जा." आणि तिनं फोन बंद केला.

वडिलांनी सुस्कारा टाकला. वहिनी वाटीवर झाकण ठेवायला लागली. मुलीनं हात पुढं करून वाटी तिच्याकडून काढून घेतली. नवरीनं स्वतःच्या हातानं हळद लावून घ्यायची नसते, पाच सवाष्णींनी लावायची असते. हिनं चारी बोटं वाटीत बुडवली, आधी एका गालाला लावली, मग दुसऱ्या, मग दोन्ही हातांना कोपरापर्यंत. आई "अगं, अगं" म्हणेपर्यंत वाटी रिकामी झाली होती.

"त्यांच्या अंगाला लागलीय ना?" ती वडिलांना म्हणाली. "त्यांनी पुसली का? न्हाई. मग ही माझीच हाय. कुणाच्या सांगण्यावरनं मी लावली न्हाई अन् कुणाच्या सांगण्यावरनं पुसायचीही न्हाई."

वडील मांडवाच्या खांबाला हात लावून उभे राहिले. तेवढ्यात माझ्या पर्समधला फोन वाजला. भाच्याचा होता. मी उचलला.

"आत्या, तिनं लावली तर नाही ना? ती हट्टी आहे. मला खरं सांगा."

मी मुलीकडं पाहिलं. तिला फोन कुणाचा ते कळलं होतं. ती पाटावरून उठून माझ्याजवळ आली आणि हलक्या आवाजात म्हणाली, "न्हाई म्हणून सांगा, बाई. तिथं त्यांचं ध्यान मागं नको."

राहुरीपासून मी खरेपणाच्या तोऱ्यात होते. भावावर त्यासाठीच चिडले होते.

"नाही रे," मी म्हणाले. "वाटी माझ्याकडंच आहे. आम्ही आता माघारीच निघालोय."

"बरं झालं, आत्या," तो म्हणाला. किती हलका झाला होता त्याचा आवाज! "आता मी बिनघोर जातो."

ती समोरच उभी होती, पिवळे हात अंगापासून लांब धरून, साडीला लागू नयेत म्हणून. तिला तो काय म्हणाला ते ऐकू आलं होतं. ती हसली, आणि मग मात्र तिला रडू आवरेना. डोळे पुसायला हात मोकळे नव्हते, म्हणून मी माझ्या पदरानं पुसले.