मामांच्या कट्यारीवरची वेल

हत्यार पाहून ज्याच्या मनात कधी भांडणाचा विचारच आला नाही, असा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. तो म्हणजे माझ्या बायकोचे मामा. चारकोपच्या कारखान्यात त्यांनी जन्मभर लोखंडाचे साचे घडवले आणि सुट्टी मिळाली की संग्रहालयात जाऊन जुन्या तलवारींच्या मुठी बघितल्या. पात्याकडे त्यांचं लक्षच नसे. एकदा एका कपाटापुढे ते इतका वेळ खिळून राहिले की पहारेकऱ्याला संशय आला, तर मामांनी उलट त्यालाच जवळ ओढून मुठीवरचा मोर दाखवला. लग्नात तर त्यांना आवरावं लागे. नवरदेवाच्या हातातली लिंबू खोचलेली कट्यार ते मागून घेत आणि सगळ्यांदेखत म्हणत, "मुंडावळ्या मोत्याच्या आणि हातात हा पत्रा? काय रे हे!"

त्यांच्या घरी एकच कट्यार होती, मालवणहून आजोबांकडून आलेली. तिच्या मुठीवर सोन्याच्या तारेची केसाएवढी बारीक वेल होती. दसऱ्याच्या पूजेआधी मामा ती फक्त कोरड्या मलमलीने पुसत. मला हे कुठलं ठाऊक! लग्नानंतरच्या पहिल्याच दसऱ्याला मामांकडे गेलो असताना, आपणही काही करून दाखवावं म्हणून, मी तांब्या-ताम्हनाबरोबर तीही चिंच-मीठ लावून काथ्याने घसाघसा घासली. कट्यार लख्ख झाली, पण वेल गेली.

मामांनी भिंग आणलं आणि मूठ खिडकीपाशी धरली. "जावईबापू, इकडे या. ह्या रेघा बघा." सोनं धरून राहावं म्हणून कारागिराने आधी लोखंडावर बारीक ओरखडे काढले होते, एकाला लागून एक, वेलीच्याच वळणाने. "इतकी वर्षं मी सोनंच बघत बसलो. कारागिराचा हात आज दिसला." असं म्हणाले खरे, पण त्यांचे डोळे भरले होते आणि ते मला दिसत होतं. त्यानंतर कुठल्याही लग्नात त्यांनी कुणाची कट्यार मागून घेतली नाही.

मामा गेल्यावर मामींनी ती माझ्याच हाती दिली. "त्यांनीच सांगून ठेवलंय. म्हणाले, जावईबापूंना द्या, ते आता तिला कधी घासायचे नाहीत."

दर दसऱ्याला मी ती कोरड्या मलमलीने पुसतो आणि त्या रेघांवरून बोट फिरवतो. त्या दिवशी माफी मागायची राहून गेली होती, ती तेव्हा मागतो.