पहिली टीम

वर्ना टकेटने उमेदीची सगळी वर्षं दुसऱ्या बाईच्या जागेवर उभं राहण्यात घालवली होती. डेल्फिन मार्लो ही बडी नटी मेकअपच्या खोलीत आरामात बसलेली असे, तोवर तिच्याच उंचीची वर्ना खडूच्या खुणेवर उभी राही आणि दिवेवाले तिच्या तोंडावर उजेड जुळवत. मग "पहिली टीम!" अशी हाळी आली, की वर्नाने मुकाट्याने बाजूला व्हायचं आणि मार्लोबाईंनी झोकात यायचं. हॉलिवूडची रीतच ती.

पुढे मार्लोबाई लग्न करून पॅरिसला गेल्या आणि वर्ना घरी बसली. तिला हात दिला मो कँटरने. मोठ्या सिनेमाआधी दाखवायचे छोटे विनोदी चित्रपट तो काढायचा, तेही दुसऱ्यांच्या उरलेल्या सेटवर, घाईगर्दीत. या वेळी त्याला नट्यांच्या थाटामाटाचीच टर उडवायची होती. चाहते नटीची टोपी पळवतात, बाही फाडून नेतात, शेवटी बुडाखालची खुर्चीही नेतात. बाई आपली सह्या करतेच आहे! नाव असलेली एकही नटी याला तयार होईना.

"डेल्फिनचा तोरा तुझ्याइतका जवळून कुणी पाहिलाय?" मो म्हणाला. "पण सकाळी जमलं नाही, तर दुपारी मला दुसरी बघावी लागेल हं."

वर्ना खुणेवर उभी राहिली. दिवे जुळले. "पहिली टीम!" हाळी आली, आणि वर्ना सवयीने तरातरा चालत जाऊन भिंतीकडच्या स्टुलावर बसली.

"अरे, ही बया निघाली कुठे?" मो ओरडला. सगळा सेट खो खो हसला. वर्नाच्या तेव्हा कुठे ध्यानात आलं. हातचं काम आपणच घालवलं, असं तिला वाटलं.

दिवेवाला एमिल शिडीवरून उतरून आला. "ऊठ गं. पहिली टीम म्हणजे आता तू."

"माझे पायच ऐकत नाहीत रे, एमिल."

"मग मी सांगतो त्यांना. चल."

त्याने कोपराला धरून तिला खुणेवर नेलं. मग मात्र वर्नाने मार्लोबाईंची मान अशी काही वेळावली, की हसण्याचा आवाज ऐकू जाऊ नये म्हणून मोने तोंडात रुमाल कोंबला.

"दुसरी बघायची गरज नाही," डोळे पुसत तो म्हणाला. "पुढचा शॉट लावा!"

वर्ना लगेच नव्या खुणेकडे निघाली. एमिल आडवा आला. तिची पिसांची टोपी त्याने आपल्या टकलावर चढवली आणि स्वतःच खुणेवर उभा राहिला.

"तू बस. नटीने दिव्यांखाली ताटकळायचं नसतं."

"पोट आत घे रे!" कॅमेरावाला खेकसला.

वर्ना खुर्चीवर बसली. आपल्यासाठी कुणीतरी उभं आहे हे ती डोळे भरून बघत राहिली, आणि मोचे, देवाचे, त्या टकल्याचे मनोमन आभार मानत राहिली.