कांड्यांची अट

कोऱ्या चादरीच्या खळीचा वास आला की मला सोलापुरातलं ते वकिलांचं ऑफिस आठवतं. आणीबाणी नुकतीच उठली होती, राजीखुशीच्या घटस्फोटाचा कायदा नवा होता आणि मी तिथे टायपिस्ट होते. समोर विणकर नवराबायको बसले होते. ती वर्षभर माहेरी राहत होती, तरी रोज दुपारी येऊन त्याच्या मागासाठी कांड्यांवर सूत भरून द्यायची. "मागावरचा ताणा सरंपर्यंत कांड्या मीच भरीन, तेवढं करारात लिवा," ती म्हणाली. "दुसऱ्याच्या हातची कांडी ह्यांना चालत न्हाय, सूत तुटतंय." वकील वैतागले, "अहो, मग वेगळे कसले राहता, असं जज्ज विचारतील!" नवरा म्हणाला, "लिवा की. खरं तेच हाय." मी अट टाइप केली. सहा महिन्यांनी कोर्टात मी वकिलांच्या फायली घेऊन उभी होते; जज्जसाहेबांनी ती अट दोनदा वाचली, चष्मा काढला आणि विचारलं, "हिनं हे पाळलं?" "व्हय साहेब," तो तिच्याकडे बघत म्हणाला, "एकबी सूत तुटलं न्हाय." मग घटस्फोटाचा हुकूम झाला. माझा संसार पुढे चाळीस वर्षं टिकला. माझ्याबद्दल असं वाक्य मात्र मी कुणाच्या तोंडून कधी ऐकलं नाही.