सुहासनं लिहिलेले संदेश

“सगळ्यांच्या सह्या आल्या. एकाची राहिलीय,” मी म्हणालो.

“मग घिऊन या की,” देसाई साहेब म्हणाले. “कुठं असतोय त्यो?”

“तो नाही साहेब. दोन वर्षांपूर्वी वारला.”

देसाई साहेब म्हणजे राजारामपुरीतल्या आमच्या सॉफ्टवेअर कंपनीचे मालक. त्यांनी फाईल मिटली.

मराठीतून प्रोग्राम लिहिण्यासाठी आम्ही चौघांनी ‘आखणी’ नावाची एक छोटी भाषा बनवली होती. शाळेतल्या मुलांसाठी, नोकरी सांभाळून, रविवारी बसून. ती ओपन सोर्स होती, म्हणजे तिचा कोड कुणीही बघावा, वापरावा, बदलावा. लायसन्समध्ये अट एकच होती. बदलून पुढं दिलीत, तर तुमचे बदलही सगळ्यांना खुले ठेवा. आता शाळांना टॅब्लेट पुरवणाऱ्या एका कंपनीला आखणी हवी होती आणि ते काम ती देसाई साहेबांना देणार होती, पण ही अट तिला नको होती. लायसन्स बदलायचं तर कोड लिहिलेल्या प्रत्येकाची लेखी संमती लागते. माणूस हयात नसेल तर वारसांची.

सुरुवातीलाच एक कागद करून घेतला असता तर हे पाच मिनिटांचं काम होतं. आमच्यातला जो गेला, त्या सुहासला मी तसं म्हणालोही होतो. “सही कसली मागतोस? मी काय परका हाय?” म्हणून त्यानं मला उडवून लावलं. मलाच ओशाळल्यासारखं झालं. आमच्याकडं दोस्ताला कागद मागणं म्हणजे त्याच्यावर संशय घेणं. त्यामुळं चौघांचंही काम नुसत्या शब्दावर चाललं.

सुहासचा भाग म्हणजे चुकांचे संदेश. प्रोग्राम चुकला की काय चुकलं ते कॉम्प्युटर सांगतो, आणि ते वाचून लहान मुलं बहुतेक वेळा घाबरतात. सुहासचा कॉम्प्युटर म्हणायचा, “कंस उघडलास, मिटणार कोण?” किंवा, “हे नाव पहिल्यांदाच ऐकतोय, आधी ओळख करून दे की.” मुलं हसायची आणि चूक दुरुस्त करायची.

मी वारणानगरला सुहासच्या बायकोकडं, वैशाली वहिनींकडं गेलो. त्या तिथं शाळेत शिकवतात. त्यांनी कागद दोनदा वाचला.

“म्हंजे ही कंपनी भाषा बदलणार, आणि बदल कुणाला दाखवणार न्हाय?”

“तसं करता येईल त्यांना. पण सुहासचे संदेश राहतील. कितीतरी शाळांत जातील.”

“नक्की?”

“मी बघतो.”

त्यांनी कागद खाली ठेवला. “भावजी, कधीकधी मी मुद्दाम चुकीचं टाईप करते,” त्या म्हणाल्या. “ह्यांचं बोलणं वाचायला मिळतं. ह्यांच्या आवाजाचं एक रेकॉर्डिंग न्हाय माझ्याकडं.”

पुढ्यातला चहा तसाच निवला.

त्या सही करायला तयार होत्या. पण सुहासच्या आईचीही सही लागणार होती, आणि आई लेकीकडं गडहिंग्लजला होत्या. “त्यांना फोनवर न्हाय सांगायचं मला. समोर बसून सांगते. सोमवारी कागद आणून देते.”

साहेबांना हे सांगितलं. “वकिलाला शुक्रवारी सगळं क्लीन पायजे,” ते म्हणाले. “ज्याची सही न्हाय त्याचा कोड काढा आणि दुसरा लिवा.”

“वहिनी सोमवारी येणारच आहेत.”

“आन् सासूबाई न्हाय म्हणाल्या तर? हे काम गेलं तर ऑफिसातल्या चौघांना घरी बसवायला लागंल. कुणाला बसवू, सांगा.”

साहेब म्हणत होते ते कायद्यात बसत होतं. मी सुहासचे सगळे संदेश काढले आणि माझे घातले. “कंस अपूर्ण.” “अपरिचित नाव.” मराठी शुद्ध होती, आणि वाचवत नव्हती. कोडच उरला नाही तर नाव कशाला, असं वकील म्हणाले, म्हणून लेखकांच्या यादीतून सुहासही गेला. गुरुवारी दुपारी काम संपलं. वहिनींना फोन करायला हवा होता. केला नाही. लाज वाटत होती, दुसरं काही कारण नाही.

सोमवारी अकरा वाजता वहिनी ऑफिसात आल्या, सासूबाईंना घेऊनच. कागदावर दोघींच्या सह्या होत्या. आईंची वाकडीतिकडी होती, पण पूर्ण नाव लिहिलं होतं.

मी झालं ते सांगितलं.

“आता परत घालता येत न्हाय?” वहिनींनी विचारलं.

मी त्यांच्यासमोरच त्या कंपनीला फोन लावला. टेस्टिंग झालंय, आता बदल नको, असं उत्तर आलं.

“जुनी आखणी तशीच राहील, वहिनी. तिचं लायसन्स कुणाला काढून घेता येत नाही.” हे खरंच आहे. पण जुनी आखणी सांभाळायला आता कुणी नाही, आणि वहिनींच्या शाळेतही जूनमध्ये नवे टॅब्लेट येणार होते.

आईंना आमचं बोलणं नीट कळलं नव्हतं. त्यांनी विचारलं, “पोराचं नाव तरी हाय न्हवं त्यात?”

वहिनींनी माझ्याकडं बघितलं. मी मान खाली घातली.

“चला आई,” त्या म्हणाल्या. टेबलावरचा कागद त्यांनी पर्समध्ये घातला आणि दोघी जिना उतरून गेल्या.

आमच्यातल्या कुणाची नोकरी गेली नाही. आता आमच्या दुसऱ्या कुठल्याही कामात नवीन माणूस कोड द्यायला आला की पहिल्याच दिवशी मी त्याच्यापुढं फॉर्म ठेवतो. त्यात वारसाचं नाव आणि फोन नंबर लिहायला एक ओळ मी वाढवली आहे. ती बघून पोरं हसतात. एवढ्यात कशाला सर, म्हणतात. ती ओळ भरल्याशिवाय मी कोड घेत नाही.