आमच्या गावचा इंग्रज

फुलवाती वळत बसले होते. निम्म्या झाल्या होत्या, उरलेला कापूस मांडीवरच होता, तेवढ्यात शेजारची बुधरी आली. आत न येता उंबऱ्याशीच बसली, दोन्ही हात पुढे केले आणि म्हणाली, थोडं तेल द्या बाई, बांगड्या काढायच्या आहेत. मी म्हटलं, काऊन, तडकल्या का? तर तसं नव्हतं. दुसऱ्या दिवशी तिच्या रिनाला पाहायला सिंदेवाहीहून पाहुणे येणार होते आणि पाहुण्यांना पोरीचा बाप वारला असं सांगून ठेवलं होतं.

बाप म्हणजे बुधरीचा नवरा चैतू. तो त्या वेळी आमच्या दोन घरांमधल्या कुडापलीकडे बसून सूप विणत होता. कामट्यांचा आवाज मला ऐकू येत होता.

बांगड्या निघाल्या. ती म्हणाली, तुमच्या देवाजवळ ठेवा, माझ्या घरात कोणाच्या नजरेस पडतील. नवरा कुडापलीकडे जिवंत आणि बायकोचा चुडा माझ्या देवघरात. देवीसमोर ठेवायला हात धजेना. पण ठेवला.

चैतूच्या अंगाला जन्मापासून रंग नाही. केस पांढरे, भुवया पांढऱ्या, पापण्यासुद्धा पांढऱ्या. आईबाप, भाऊबहिणी सगळे सावळे, हा एकटाच असा. उन्हात त्याचे डोळे उघडत नाहीत आणि कातडी भाजून सोलते. म्हणून मोहफुलं वेचायला तो उजाडायच्या आधी जातो आणि दिवसभर सावलीत बसून सुपंटोपल्या विणतो. गावात त्याला चैतू कोणी म्हणत नाही. साहेब म्हणतात, नाहीतर इंग्रज. रिनाला शाळेत घातलं तेव्हा बापाचं नाव विचारलं तर सोबत गेलेला माणूस अडखळला आणि घरी विचारायला परत आला.

इंग्रज हे नाव शाळेतूनच आलं. पंधरा ऑगस्टला आमच्याकडे इंग्रजाला हाकलायचं नाटक होतं, माझ्या सासूबाईंच्या वेळेपासून. आधी एखाद्या पोराला तांदळाचं पीठ फासून इंग्रज करत. बाकीची पोरं त्याला मैदानभर पळवत, शेवटी बोरिंगवर नेऊन धूत, आणि पिठाखालून आपल्याच गावचा पोरगा निघाला की लोक टाळ्या वाजवत. झाला देश स्वतंत्र. मग चैतू पहिलीत आला आणि पिठाचं काम उरलं नाही. त्याला धुतला तर खालून कोणीच निघालं नाही. लोक इतके हसले की पुढच्या वर्षीही तोच, आणि तेव्हापासून दर वर्षी तोच. बँडवाल्यांचा एक जुना लाल कोट आणि साहेबाची गोल टोपी शाळेच्या कपाटात त्याच्यासाठी ठेवलेली असते. टोपी त्याला आवडते. तेवढीच डोळ्यांवर सावली.

रिनाला आधी दोन स्थळं आली होती. दोन्ही बापाला पाहून गेली. दुसऱ्या मुलाची आई तर अंगणातूनच फिरली. नातू असा निघाला तर आमच्या घरात कोण वाढवील, असं बुधरीच्या तोंडावर म्हणाली. म्हणून या वेळी बुधरीचा भाऊ कोलू याने बापच नाही म्हणून कळवून टाकलं आणि मग गावाला सांगितलं. सरपंच म्हणाले, गावच्या पोरीचं भलं होत असेल तर गाव तोंड उघडणार नाही. गावाने खरंच उघडलं नाही. गावाचं कौतुक करावं की काय करावं, मला कळत नाही.

चैतूला त्या दिवशी जंगलात जा म्हणाले. तो नाही म्हणाला. त्याला होणारा जावई पाहायचा होता.

"नाटकात उभा राह्यतो ना मी," तो कोलूला म्हणाला. "तिथी मले पाहून कोन म्हनन का हा असाच हाय? पावडर लावली म्हनन."

सगळ्यांना पटलं. वर्षातून त्या एकाच दिवशी त्याचा रंग खोटा वाटला असता, आणि पाहुणेही सुटी असते म्हणून त्याच दिवशी येत होते.

यंदा शाळेत प्रफुल सर नवीन आले आहेत. उत्साही माणूस. त्यांनी ठरवलं, आपलाच देश काऊन, इंग्रज जगभरातून कसा गेला ते दाखवू. एकेका वर्गाला एकेक देश दिला. भारत, ब्रह्मदेश, श्रीलंका, घाना, केनिया, अजून कितीतरी. प्रत्येक देशाने येऊन इंग्रजाला मैदानाच्या एका कोपऱ्यातून पळवायचं, इंग्रजाने दुसऱ्या कोपऱ्यातून परत शिरायचं. देश पुष्कळ, इंग्रज एकच. तालमीत सर समजावत होते की कोणी बोलणी करून स्वातंत्र्य मिळवलं, कोणी तुरुंग भरून, केनियाचे लोक तर जंगलात राहून लढले. तिथे सरपंचांनी त्यांना थांबवलं. म्हणाले, जंगलाचं तेवढं गाळा सर, नक्षलवाद्यांचं वाटेल, पोलिसांचे साहेब येणार आहेत पाहुणे म्हणून. तेवढं गाळलं.

चैतूने सरांना तालमीत एकदा विचारलं म्हणे, एवढ्या ठिकाणांहून हाकलल्यावर तो गेला कुठी? सर म्हणाले, आपल्या घरी, इंग्लंडला. चैतू म्हणाला, म्हणजे त्याले घर होतं.

नाटक सकाळीच उरकायचं होतं. पोलिसांचे साहेब उशिरा आले आणि ऊन चढेपर्यंत चैतू कोट घालून उभा. तेवढ्यात धानोऱ्याची रोजची गाडी आली आणि सिंदेवाहीचे पाहुणे उतरले. मुलगा विनोद, त्याची आई आणि बाप डोमाजी. डोमाजी तांदूळ संशोधन केंद्रात मजुरीला आहेत. गडगडाटी हसणारा माणूस. सरपंचांनी त्यांना घरी जाऊच दिलं नाही, पुढच्या खुर्च्यांवर बसवलं. बुधरी मोकळ्या हातांनी, मोकळ्या कपाळाने मागे उभी राहिली.

चैतू पळत होता. ब्रह्मदेशाने पळवला, श्रीलंकेने पळवला. घानाची पोरं सहावीची, दांडगी, त्यांनी चिखलाचे गोळे मारले. प्रत्येक फेरीत तो विनोदच्या खुर्चीजवळून जाई आणि तिथे थोडा हळू होई. पोरांना वाटलं दमला, म्हणून मागून जास्तच मारत. शेवटी सगळे देश मिळून त्याला ओढत बोरिंगवर घेऊन गेले. मागे गाव, गावामागे पाहुणे.

आता धुवायचा मान यंदा कोणाला, असं सरपंचांनी मोठ्याने विचारलं आणि स्वतःच डोमाजींच्या हातात बादली दिली. मला वाटतं कोणीतरी थांबवायला हवं होतं. पण माणसं खालचा ओठ दाबून हसत होती, मुलीच्या सासऱ्याच्या हातात बादली आणि खाली मुलीचा बाप, असं रोज पाहायला मिळत नाही. डोमाजींनी पाणी ओतलं. मग काथ्याने मान घासू लागले.

"अरे, हा तं निघतच नाई."

"जुना रंग हाय भाऊ, मुरला हाय," सरपंच म्हणाले, आणि मग गावाला आवरेना.

पाहुण्यांना संशय येईल असं चैतूला वाटलं असावं. तो नाटकातल्या साहेबाच्या हिंदीत ओरडला, "जोर से घसो, हिंदुस्तानी आदमी! साबुन लाव!" साबण आला. डोमाजींनी बाह्या सारल्या. उन्हाने सोललेली मान होती ती. पाणी लाल व्हायला लागलं तसा डोमाजींचा हात थांबला. लागलं का, असं त्यांनी खरोखर काळजीने विचारलं.

"नाई पाहुने," चैतू म्हणाला. या वेळी आपल्या आवाजात. "कोट कच्चा हाय. रंग सुटून राह्यला."

नंतर पाहुणे बुधरीकडे गेले आणि चैतू माझ्या ओसरीवर आला, स्वतःच्या घरी जाता येत नव्हतं म्हणून. मी हळद कालवून दिली. कुडापलीकडचं बोलणं ऐकू येत होतं. पोरगी पसंत होती. डोमाजी अजून हसत होते. इतकं मजेदार गाव पाहिलं नाही म्हणाले, आणि चहा देणाऱ्या रिनाला विचारलं, "तो इंग्रज कोन हाय वं पोरी तुमच्या गावचा?"

माझ्या ओसरीवर चैतूचा हळदीचा हात मानेवरच राहिला.

"कोनी नाई," रिना म्हणाली. "शाळेचा हाय."

चैतूने वाटीतली हळद बोटाने निपटली. मग म्हणाला, "हुशार हाय पोरगी. घाबरली नाई." मग नवरदेवाच्या उंचीबद्दल बोलला. बरा उंच आहे म्हणाला.

लग्न तुळशीच्या लग्नानंतर ठरलं. पत्रिकेत बापाच्या नावाआधी कै. लावायचं कोलूने मान्य केलं. जाताना डोमाजींनी एकच मागणी केली, देण्याघेण्याचं काही नाही म्हणाले, फक्त त्या इंग्रजाला लग्नात आणा. वरात आली की मांडवाच्या दारात त्याला हाकलू, आमच्याकडची माणसं पोट धरून हसतील. कोलूने तेही मान्य केलं. चैतूला सांगितलं तर तो खूश झाला. लग्नात उभं राहायला मिळणार.

काल बुधरी आली. मी देवघरातून बांगड्या काढून तिच्यापुढे धरल्या. तिने घेतल्या नाहीत. पाहुणे कधीही येतील, लग्न होऊन जाऊ दे म्हणाली. आता रोज फुलं वाहताना त्या मला बाजूला साराव्या लागतात, आणि देवीला काय सांगावं ते सुचत नाही. राहिलेल्या वाती आज सकाळी वळून टाकल्या.

चैतूने शाळेतून कोट मागून आणला आहे. घानाच्या पोरांनी ओढल्याने काखेत फाटला, आणि गळ्याशी डाग पडला आहे. उद्या पहिल्या गाडीने तो धानोऱ्याला नूर मोहम्मद टेलरकडे कोट शिवायला टाकायला जाणार आहे.