फिल्डवर पाणी न पिणारी मुलगी

मे महिन्यात यावलजवळच्या एका केळीच्या बागेत मी चक्कर येऊन पडले. भर दुपारी, तेही साहेबांसमोर... आज धीर करून त्याबद्दल लिहितेय.

मी जळगावच्या एका छोट्या खतांच्या कंपनीत फिल्ड ऑफिसर आहे. बीएस्सी ॲग्री झाल्यावर मैत्रिणी पुण्याला गेल्या, मला मात्र शेतातच फिरायचं होतं. पीक बघायचं, शेतकऱ्यांशी बोलायचं, डीलरच्या दुकानांना भेटी द्यायच्या... आमच्या टीममध्ये तेव्हा फिल्डवर मी एकटीच मुलगी.

इंटरव्ह्यूत विचारलं होतं, कंपनीकडून तुझ्या अपेक्षा काय? मी ग्रोथ, लर्निंग वगैरे पाठ केलेलं सांगून टाकलं. कामाला लागल्यावर कळलं की आपली सगळ्यात मोठी अपेक्षा वेगळीच आहे, आणि ती इंटरव्ह्यूत कुणी बोलत नाही... दिवसभरात कुठेतरी एक स्वच्छ बाथरूम मिळावं.

पुरुषांचं काय, रस्त्यात कुठेही गाडी थांबवतात. मी माझ्यापुरता उपाय शोधला होता. सकाळी घरून निघालं की पाणीच प्यायचं नाही. सोबत बाटली असायची, पण ती आईच्या समाधानासाठी... खानदेशातला उन्हाळा ज्यांनी काढलाय त्यांना पुढचं सांगायला नको.

त्या दिवशी आमचे एरिया मॅनेजर चौधरी सर सोबत होते. पन्नाशीचे, मोजकंच बोलणारे. आम्ही नवी मुलं वर्क-लाइफ बॅलन्सवर बोलायला लागलो की ते नुसते चष्मा पुसत बसायचे. ते शेतमालकांशी बोलत होते, मी घडांचे फोटो काढत होते... आणि डोळ्यांपुढे अंधारी आली.

डोळे उघडले तेव्हा मी शेतमालकांच्या घरात कूलरसमोर होते. त्यांच्या पत्नी, गावात सगळे त्यांना अक्का म्हणतात, मला मीठ-साखरेचं पाणी पाजत होत्या. दोन घोट घेऊन मी ग्लास बाजूला सारला. पुढे अजून दोन गावं व्हायची होती ना...

अक्कांनी माझ्याकडे नीट बघितलं. कानाशी येऊन हळूच काहीतरी विचारलं आणि मी मान हलवली. मग हाताला धरून मला घरामागच्या बाथरूमपर्यंत घेऊन गेल्या.

बाहेर आले तर त्या सरांशी बोलत होत्या. "सायेब, हे पोर सकायपासून पानी पेत नाही. काऊन पेत नाही, कधी इचारलं का तिले?"

कुठे तोंड लपवू असं झालं मला. सरांनी चष्मा काढून पुसायला घेतला.

लाजेपेक्षा भीती मोठी होती. आता आपलं फिल्ड बंद... मुलींना हे झेपत नाही, ऑफिसात बस, बिलं कर, असं सांगतील. काळजीपोटीच सांगतील, म्हणून मला भांडताही येणार नाही. एवढ्या हौसेने धरलेलं काम एका चक्करेपायी सुटणार, याचंच रडू येत होतं.

परतीच्या वाटेवर एका हॉटेलसमोर सरांनी गाडी थांबवली, आधी स्वतः आत जाऊन बघून आले. "आत स्वच्छ आहे. तू जाऊन ये, मी चहा सांगतो." हे त्यांनी माझ्याकडे न बघताच सांगितलं... कुणी आपल्याकडे बघत नाही, यात केवढा मान असू शकतो हे मला तेव्हा कळलं.

दुसऱ्या दिवशी केबिनमध्ये बोलावणं आलं. मला ऑफिसात बसवू नका, हे कसं सांगायचं त्याची मी मनाशी तयारी करून गेले होते. पण माझ्याआधी सरच बोलले.

"इतकी वर्षं मी हा एरिया फिरलो. हा प्रश्न मला कधी पडलाच नाही, कारण पडायची गरजच नव्हती. यापुढे तुझा रूट तू ठरव, जिथे सोय आहे ते बघून. बाकीचं माझ्यावर सोड."

आणि खरंच त्यांनी ते अंगावर घेतलं. माझ्यासमोरच एकेका डीलरला फोन लावला, काही आडपडदा न ठेवता विचारलं. एक जण म्हणाले, दुकानामागे आहे पण आत खताच्या गोण्या भरल्यात. सरांनी आवाज न चढवता सांगितलं, गोण्या हलवा आणि आतून कडी बसवून घ्या.

सगळं लगेच सुरळीत झालं असं नाही. एका दुकानाची कडी अजून बसायची आहे, सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांत अजूनही पंचाईत होते. पण आता मी ते मीटिंगमध्ये सांगते, माल संपलाय हे सांगावं तितक्या सहज.

अक्का, तुम्ही काही हे वाचणार नाही. पण जे मला कधीच बोलता आलं नसतं, ते तुम्ही माझ्यासाठी बोललात... तुमचे उपकार आहेत माझ्यावर. आणि सर, ऐकून घेऊन तुम्ही मला माझ्या कामावर ठेवलंत. त्यासाठी थँक यू हा शब्द फार लहान आहे.

या महिन्यात धुळे भागासाठी आमच्याकडे एक नवी मुलगी जॉइन झाली. पहिल्याच दिवशी सरांनी तिला एरिया समजावून सांगितला आणि त्याच ओघात कुठल्या गावात बाथरूमची सोय कुणाकडे आहे तेही सांगितलं. तिने मान हलवली आणि लगेच पुढचा प्रश्न विचारला... मला गाडी कधी मिळणार?

तिला त्यात काही विशेष वाटलंच नाही. माझ्या मात्र डोळ्यांत पाणी आलं.