पोलीस बंदोबस्तातली गिरणी

दळण होईपर्यंत गिऱ्हाईक दारात उभं असतं आणि उभं गिऱ्हाईक काही गप्प राहत नाही. त्यामुळे गिरणीवाल्याकडे किस्से साठतातच. पण विठ्ठलवाडीच्या आमच्या गिरणीला पोलीस संरक्षण मिळालं, तेव्हाचे किस्से म्हणजे अरे, विचारूच नका!

सुरुवात कुलपाने झाली. सकाळी मी आणि बायको, वैशाली, गिरणी उघडायला गेलो, तर आमच्या कुलपावर दुसरं कुलूप! जागेचा मालक नितीन, त्याला जागा बिल्डरला द्यायची होती. आम्ही वडिलांच्या वेळेपासूनचे भाडेकरू, पोट त्या गिरणीवर. तसेच पळत पोलीस स्टेशनला गेलो.

ड्युटीवरचे साहेब म्हणाले, "हे सिव्हिल मॅटर आहे. कोर्टातून ऑर्डर आणा."

वैशाली म्हणाली, "साहेब, आत लोकांचे डबे अडकलेत."

"मग मी काय करू?"

"निळ्या झाकणाचा तुमच्या घरचा आहे!"

साहेबांनी खुर्ची पुढे केली. "बसा. अर्ज द्या."

*

अर्ज दिला, तरी कोर्टात जावंच लागलं. कल्याण कोर्टात आमच्या वकील मॅडम अशा काही भांडल्या की मीच घाबरलो! ऑर्डर मिळाली: कुलूप काढा, पोलिसांनी संरक्षण द्या. मी आनंदाने गावी बाबांना फोन लावला, "बाबा, गिरणीवर पोलीस येणार!"

पलीकडून बारीक आवाजात, "काय केलंस रे तू?"

त्यांना समजावतोय, तोवर चुलत्याचा फोन, "जामिनाला कोण लागेल तर सांग!"

*

कुलूप तोडायच्या दिवशी नितीन चार पोरं घेऊन दारात उभा. "हात लावून दाखव!" म्हणाला, आणि मोबाइल काढून व्हिडिओ सुरू केला. आमच्या बाजूला हवालदार मोरे. मोऱ्यांनी ऑर्डर मोठ्याने वाचली, टोपी सरळ केली आणि कॅमेऱ्याकडे वळले.

"चेहरा नीट घ्या हां. प्रमोशन राहिलंय माझं!"

पोरंच हसली! तेवढ्यात मी हातोडा घातला. वैशाली आत गेली आणि जात्यावर हात ठेवून नुसती उभी राहिली.

*

मग काही दिवस मोरे गिरणीतच बसायचे. एकदा मोठे साहेब राउंडला आले. आत डोकावून म्हणाले, "मोरे कुठाय?"

पिठाने पांढराफटक झालेला एक माणूस स्टुलावरून उठला, सॅल्यूट ठोकला. "सर, मीच!"

केस अजून चालू आहे. पण पुन्हा कुलूप लागलं नाही.

*

बंदोबस्ताचा शेवटचा दिवस, दिवाळी तोंडावर आलेली. दारात रिक्षा थांबली. भाजणीचा डबा सांभाळत एक आजी उतरल्या. नितीनच्या आई!

मोरे आडवे आले. "आजी, मालकाच्या घरच्यांना आत सोडायचं नाही."

"मला भांडायचं नाहीये हो, चकल्या करायच्यात. दुसऱ्या गिरणीत भाजणी जाड येते."

मोऱ्यांनी माझ्याकडे बघितलं, मी वैशालीकडे. तिने आजींना आत घेतलं, डबा ओतला आणि गिरणी सुरू केली.

इतक्यात बाइकवरून नितीन आला, लालबुंद! "आई, बाहेर ये आधी!" म्हणत पायरी चढायला लागला.

आजी आतून ओरडल्या, "हवालदार, अडवा त्याला! अर्धी भाजणी राहिलीय अजून!"